एडिटिंगचा क्लास कुठला लावू, असं विचारणाऱ्या सगळ्यांसाठी

दरवर्षी बारावीचा निकाल लागला की आमच्या कॉलनीतल्या कोणाच्या ना कोणाच्या घरून फोन येतोच. "ताई, आमच्या पोट्ट्याले एडिटिंगमध्ये जायचं म्हणते, तुम्ही त्यातल्याच ना, जरा समजावून सांगा न त्याले." आता 'समजावून सांगा' म्हणजे आईबाबांच्या मनात 'नको म्हणा' असतं अन् पोट्ट्याच्या मनात 'हो म्हणा', त्यामुळे दोघंही खूश होऊन जाणार नाहीत हे आधीच ठरलेलं. पोट्टा येतो, कूलरसमोरची खुर्ची पकडतो, पहिला प्रश्न सॉफ्टवेअर कोणतं, प्रीमियर शिकू की रिझॉल्व्ह, दुसरा लॅपटॉप कोणता घेऊ, तिसरा (हा थोड्या वेळाने, आईने डोळ्यांनी खुणावल्यावर) महिन्याचे किती मिळतात. हल्ली चौथाही असतो, एआय आल्यावर हे राहील का. प्रत्येकाला तेच तेच सांगून कंटाळा आला म्हणून एकदाचं सगळं इथे लिहून टाकते, पुढच्या वर्षी लिंक पाठवली की मी मोकळी.

आधी हे सांगते की मी डॉक्युमेंटरी कापते, म्हणजे एडिट करते. सिनेमा नाही, सिरियल नाही, रील्स नाहीत. माझी मावशी नागपुरात महाल भागात राहते, ती अजूनही पाहुण्यांना माझी ओळख 'ही शूटिंगवाली' अशीच करून देते, आणि खरं म्हणजे मी शूटिंगला जातच नाही. मुद्दाम जात नाही. शूटवर गेलं की कळतं की तो डोंगरावरचा शॉट घ्यायला पहाटे तीनला उठून केवढी तंगडतोड केली, कॅमेरामनच्या अंगात ताप होता, सरपंचाने किती आग्रहाने जेवू घातलं, आणि मग तो शॉट फेकायला हात धजत नाही. मला यातलं काहीच माहीत नसतं. मला पडद्यावर दिसतं तेवढंच दिसतं, बघणाऱ्यालाही तेवढंच दिसणार असतं. त्यातून एक गंमत होते, अख्ख्या युनिटमध्ये मी एकटीच अशी असते जी त्या माणसांना कधी भेटलेली नसते आणि तरी त्यांना सगळ्यात जास्त ओळखते. कोण बोलता बोलता नाक खाजवतं, कोण अवघड प्रश्न आला की पाणी मागतं, कोणाच्या घरात कुकरच्या शिट्ट्या किती वाजता होतात, सगळं पाठ.

सिनेमाच्या एडिटरकडे स्क्रिप्ट येतं, सीन नंबर येतात. आमच्याकडे डायरेक्टर हार्ड डिस्क आणतो, टेबलावर ठेवतो आणि म्हणतो, "यात फिल्म आहे." असते कधीकधी. ४के मध्ये १०० एमबीपीएसने शूट केलं तर तासाभराचं फुटेज साधारण ४५ जीबी होतं, म्हणजे ८० तासांचं ३.६ टीबी, आणि त्याची दुसरी कॉपी, आणि तिसरी कॉपी दुसऱ्या कोणाच्या तरी घरी (माझी भावाकडे मनीष नगरात असते, वहिनीला वाटतं ते काहीतरी बँकेचं आहे). हे सगळं बघायचं. सगळं म्हणजे सगळं, डायरेक्टरने 'हे नाही बघितलं तरी चालेल' म्हणून सांगितलेलं तर आधी बघायचं. मग ट्रान्सक्रिप्ट, मग निवडलेले तुकडे, मग ते एकामागे एक नुसते लावलेली चार-पाच तासांची लांबलचक मालगाडी, मग असेंब्ली (तुकडे गोष्टीच्या क्रमाने लावणं), रफ कट, फाइन कट, पिक्चर लॉक (यानंतर चित्राला हात लावायचा नाही), आणि त्यानंतर साउंडवाला आणि कलरवाला. डॉक्युमेंटरी लिहिली जाते ती या टप्प्यांमध्ये, शूटच्या आधी जे लिहिलेलं असतं तो पैसे मिळवायचा अर्ज असतो. त्यामुळे माझ्याकडे येणाऱ्या पोट्ट्यांना मी पहिलं विचारते की तू शेवटचं पूर्ण पुस्तक कधी वाचलं, आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसाचं बोलणं मध्ये न तोडता शेवटचं कधी ऐकलं. आया खूश होतात, पोट्टे नाराज.

मी यात आले ती लग्नाच्या कॅसेटींमधून. तेव्हा मिनी डीव्ही होत्या, तासाभराची टेप कॉम्प्युटरवर घ्यायला तासच लागायचा, आणि मे महिन्यात लागलेल्या लग्नांची डिलिव्हरी दिवाळीपर्यंत चालायची. लग्नाच्या एडिटिंगला लोक नाकं मुरडतात, मी नाही मुरडत. मंगलाष्टकं चालू असताना नवरीच्या आईचा चेहरा कधी दाखवायचा अन् किती वेळ, हे मी तिथे शिकले, आणि आत्याचे यजमान व्हिडिओत एकदाही दिसले नाहीत तर पेमेंट अडतं हेही तिथेच शिकले. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची, एफटीआयआयची परीक्षा दिली होती, नाही झालं. (प्रभातच्या जुन्या स्टुडिओच्या जागेत १९६० पासून ती संस्था आहे, आणि कोलकात्याची सत्यजित राय इन्स्टिट्यूट १९९५ पासून. ज्याला जमत असेल त्याने या दोन्हींचा एडिटिंगचा कोर्स जरूर करावा, तिथे सॉफ्टवेअरपेक्षा दुसऱ्यांच्या फिल्म बघत अंधारात बसायला मिळतं त्याची किंमत जास्त आहे.) मग मुंबईला एका डॉक्युमेंटरी एडिटरकडे असिस्टंट. फाइलींना नावं द्या, साउंड सिंक करा, लॉगशीट भरा, चहा सांगा. विदर्भ एक्स्प्रेसने सुट्टीत घरी यायचं अन् डब्यात सांबारवडी घेऊन परत. पुढे भाडं परवडेना आणि इंटरनेट बऱ्यापैकी झालं, तेव्हा मशीन उचलून नागपूरला आले ती आलेच.

सॉफ्टवेअरचं म्हणाल तर, २०११ मध्ये फायनल कटचं नवीन व्हर्जन आलं आणि त्यात जुन्या व्हर्जनचे प्रोजेक्ट उघडेचनात. लोकांची अर्धी झालेली कामं लटकली, कित्येक एडिटर चिडून दुसरीकडे गेले, मीही गेले. तेव्हापासून 'कोणतं शिकू' या प्रश्नाला माझं उत्तर 'जे फुकट मिळेल ते' असं आहे. रिझॉल्व्हचं एक व्हर्जन फुकट आहे, लागा कामाला.

जुन्या लोकांकडे फिल्म होती. १६ एमएमचा ४०० फुटी रोल साधारण ११ मिनिटं चालायचा, तो विकत घ्यायचा, धुवायचा, प्रिंट काढायची, म्हणजे बटण दाबण्याआधी कॅमेरामन दोनदा विचार करायचा. आमच्या बाबांच्या पिढीने थिएटरात पिक्चरच्या आधी सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनच्या ज्या फिल्म बघितल्या (बघितल्या म्हणजे त्या वेळात शेंगदाणे आणले) त्या अशाच मोजून-मापून काढलेल्या. ती फिल्म्स डिव्हिजन १९४८ मध्ये सुरू झाली आणि २०२२ मध्ये सरकारच्याच दुसऱ्या फिल्म संस्थेत, एनएफडीसीत, मिसळून टाकली. आता कार्ड भरलं की दुसरं कार्ड. कॅमेरा बंदच होत नाही, आणि मधली निवड जी आधी शूटवर व्हायची ती सगळी माझ्या टेबलावर येऊन पडते. मला तक्रार नाही, माझं पोट त्यावरच आहे. पण डायरेक्टर लोकांनो, समोरचा माणूस बोलत असताना 'हं हं, हो हो, बरोबर' करणं बंद करा बाप्पा, तुमचा एकेक 'हं' काढायला माझा जीव जातो.

आणि कूलर. विदर्भात एप्रिल ते जून शूट केलेल्या कोणत्याही मुलाखतीत कूलरची घरघर असतेच. साउंडवाला शहाणा असेल तर बंद करायला लावतो, मग दहा मिनिटांत समोरच्या काकूंचा पदर कपाळाला, त्या बिचाऱ्या घामाने हैराण, कोणीतरी दया येऊन कूलर पुन्हा लावतं, आणि माझ्याकडे एकाच मुलाखतीचा अर्धा भाग घरघरीसकट येतो आणि अर्धा बिनघरघरीचा. पहिल्या भागातलं वाक्य दुसऱ्याला जोडलं की कानाला ठेच लागते. यावर उपाय एकच, मुलाखत संपल्यावर सगळ्यांनी तोंड बंद ठेवून त्या खोलीचा नुसता आवाज मिनिटभर रेकॉर्ड करायचा, कूलर लावून एकदा, बंद करून एकदा. याला रूम टोन म्हणतात. तो आणून देणारा साउंडवाला भेटला तर मी त्याला तर्री पोहे खाऊ घालते. मोबाइलवर घेतलेलं फुटेज हा वेगळाच ताप, कॅमेरा २५ फ्रेमवर, मोबाइल ३० वर, तोही धड ३० नाही, मध्येच कमी-जास्त, त्यामुळे लांब मुलाखतीत आवाज अन् ओठ यांची हळूहळू फारकत होते. आणि आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची असल्याने शटर १/६० वर ठेवून ट्यूबलाइटखाली शूट केलं की अख्खी शाळा लुकलुकते. हे मी कॅमेरेवाल्यांना ओरडून ओरडून सांगून राहिले.

मारबतीची गोष्ट सांगते. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, आपल्या इतवारी-महालात काळी अन् पिवळी मारबत (बाईचे मोठाले पुतळे) निघते, मागे बडगे (पुरुषांचे पुतळे), त्यांच्यावर महागाईपासून पुढाऱ्यांपर्यंत सगळ्यांचा उद्धार लिहिलेला, तोबा गर्दी. यावर एका पोट्ट्यांच्या ग्रुपने फिल्म शूट केली, दृश्यं एक नंबर. गच्चीवरून घेतलेला एक शॉट होता, दोन मारबती समोरासमोर येतात आणि गर्दी अशी दोन्हीकडून मिटत जाते की बघतच राहावं. पण आवाज ऐकला अन् डोकं धरलं. प्रत्येक शॉटच्या मागे डीजे. प्रत्येक शॉटमध्ये वेगळं सिनेमाचं गाणं. आता शॉट कापला की गाणंही कापलं जातं, एका गाण्याच्या मुखड्यावरून उडी थेट दुसऱ्याच्या अंतऱ्यात, ऐकणाऱ्याला वाटतं कोणी रेडिओचं बटण फिरवून राहिलं. बरं समजा मी एकच गाणं सलग ठेवलं आणि त्यावर चित्रं कापली, तर ते गाणं फिल्मचं होतं, मिरवणुकीचं राहत नाही, त्यातले शब्द फुकटचे अर्थ काढायला लागतात. आणि तिसरी गोष्ट, हक्क. पोट्टे म्हणे, "ताई, गाणं आम्ही थोडीच लावलं, डीजेवाल्याने लावलं." खरं आहे, पण उद्या चॅनलवाला किंवा ओटीटीवाला म्युझिकची यादी मागतो, कोणतं गाणं, किती सेकंद, परवानगीचा कागद कुठे. यूट्यूबवर टाकलं तर दोन मिनिटांत कॉपीराइटचा क्लेम येतो.

शेवटी वाचवलं ते एका वेगळ्या रेकॉर्डरने. ग्रुपमधला एक जण कॅमेऱ्यापासून लांब, गल्लीच्या आत, नुसता आवाज घेत फिरला होता, कशासाठी ते त्यालाही नीट माहीत नव्हतं. त्यात डीजे लांबून धपधप एवढाच, गाणं ओळखू येत नाही, आणि जवळ बायांचं बोलणं, पोरांची पिपाणी, आणि "ईडा पीडा, रोगराई घेऊन जाय गे मारबत" ही आरोळी एकदम स्वच्छ, एका म्हाताऱ्या आवाजात, मग दहा जणांच्या, मग सगळ्यांच्या. अख्खा सीन मी त्या आवाजावर बांधला. गच्चीवरच्या त्या शॉटला डीजे नाहीच, फक्त ती म्हातारी. पोट्ट्यांना आधी पटलं नाही, म्हणे डीजेशिवाय मारबत म्हणजे खोटं दाखवणं झालं. हा मुद्दा चांगला होता, मी मानते, म्हणून पुढे एका ठिकाणी डीजेची गाडी मी ठेवली, गाणं ओळखू येणार नाही एवढ्या अंतरावरून. असे वाद घालायला मिळतात म्हणून हे काम मला आवडतं.

आता ज्याबद्दल मला खरं लिहायचं होतं ते. झाडीपट्टी रंगभूमी माहीत असेलच, गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदिया या पट्ट्यात धान निघालं की दिवाळीनंतर नाटकांचा जो हंगाम सुरू होतो तो. रात्री सुरू होणारं नाटक पहाटे संपतं, दिवसा शंकरपट (बैलांच्या शर्यती), रात्री नाटक, गडचिरोलीतल्या वडशाला नाटक कंपन्यांची ऑफिसं. २०२३ मध्ये तिथले नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा पुण्या-मुंबईच्या पेपरांना एकदम जाग आली आणि त्यानंतर तिकडे कॅमेरे घेऊन जाणाऱ्यांची रांग लागली. त्यातलीच एक फिल्म माझ्याकडे आली, तिथल्या नट्यांवर. डायरेक्टर पुण्याचा, वयाने लहान, मेहनती, अगदी मनापासून काम करणारा मुलगा.

फुटेजमध्ये एक बाई होत्या. नाव देत नाही. पहाटेची वेळ, नाटक संपलेलं, मागच्या तंबूत त्या बसलेल्या, खोबरेल तेलाने मेकअप काढून राहिल्या, अर्धा चेहरा नाटकातला अर्धा घरचा. बाहेर ऑक्टोपॅड अन् ऑर्गनवाले सामान भरून राहिले त्याचा खडखडाट. त्या नाइटचे पैसे मोजता मोजता बोलतात, मुलगी होस्टेलवर शिकते, फी भरायची आहे. मग म्हणतात, "माही पोरगी सांगत नाई शाळेत, का माय नाटकात काम करते म्हणून." आणि गप्प. कापूस हातात तसाच. डोळे भरून येतात पण गळत नाहीत. कॅमेरा हलत नाही (कॅमेरामनला शंभर मार्क). बराच वेळ तसाच जातो, टाइमलाइनवर तर तो महिनाभर वाटतो, आणि मग त्या मान वर करतात, कॅमेऱ्याच्या थोडं बाजूला, डायरेक्टरकडे बघून म्हणतात, "चाय झाली का जी तुमची?"

डायरेक्टरने स्वतः जो कच्चा कट करून आणला होता त्यात भरलेल्या डोळ्यांवर कट होता, आणि खाली बासरी. समजू शकते, कोणीही तिथेच कापेल. मी चहा ठेवला. बासरी काढली. त्याचं म्हणणं होतं की चहाने सगळी भावना उतरते, माझं म्हणणं होतं की उतरू दे ना. रडवेल्या चेहऱ्यावर कापलं की त्या बिचाऱ्या होतात, बघणारा हळहळतो अन् पुढच्या सीनला विसरतो. चहा विचारला की त्या पुन्हा घरधनीण होतात, रात्रभर जागलेली पोरं पाहुणी म्हणून आली आहेत, त्यांची चहाची सोय बघणारी. आणि बघणाऱ्यालाही आठवण होते की इथे कॅमेऱ्यामागे कोणी तरी बसलंय, ज्याच्यासमोर त्यांनी हे सांगितलं. दोन दिवस वाद चालला, मग आम्ही दोन्ही कट त्याच्या आईला दाखवले. त्याची आई काही बोलली नाही, नुसती म्हणाली, बाई चांगली आहे रे. दुसऱ्या कटनंतर म्हणाली. पहिल्यानंतर "बिचारी" म्हणाली होती.

पण खरा प्रश्न वेगळाच होता. मुलगी शाळेत सांगत नाही, आणि आम्ही ती गोष्ट जगाला सांगणार, यूट्यूबवर, जे त्या मुलीच्या मैत्रिणींच्या मोबाइलमध्येही आहे. शूटच्या वेळी त्यांनी कागदावर सही केली होती, कायद्याने काम झालेलं. मी डायरेक्टरला म्हटलं, लॉक करायच्या आधी तू वडशाला जा आणि त्यांना हा सीन दाखव, फोनवर पाठवू नको, समोर बसून दाखव. तो गेला. त्यांनी शांतपणे बघितलं, पुन्हा लावायला सांगितलं, आणि रडण्याबद्दल, मुलीबद्दल चकार शब्द नाही, फक्त एवढंच म्हणाल्या की आधीच्या वाक्यात होस्टेलच्या गावाचं नाव येते, तेवढं काढा. काढलं. त्या वाक्यावर सामान भरणाऱ्या ऑर्गनवाल्याचा शॉट आहे, कोणाला कळणारही नाही तिथे काही होतं.

हेच तंत्र वाईट कामालाही वापरता येतं, म्हणून सांगून ठेवते. माणसाचं एका तासातलं अर्धं वाक्य आणि दुसऱ्या तासातलं अर्धं वाक्य जोडायचं, जोडावर बैलांचा शॉट टाकायचा, झालं, तो जे कधीच बोलला नाही ते तो बोलला. आमच्यात याला फ्रँकनबाइट म्हणतात. अडखळणं काढायला, लांबण कापायला सगळेच जोडाजोड करतात, मीही रोज करते. पण अर्थ फिरला की संपलं. मी तो तुकडा डोळे मिटून ऐकते आणि मनात त्या माणसाला बाजूच्या खुर्चीत बसवते, तो 'हो, हे मी बोललो' म्हणेल का. नाही म्हणेल असं वाटलं तर डायरेक्टरशी भांडते. दोनदा काम सोडलंय यावरून. सोडता आलं कारण तेव्हा दुसरं काम हातात होतं, उगाच शौर्य नाही सांगत.

एडिटरचं नाव कोणी वाचत नाही, हे खरं. पण १९६९ च्या 'सेल्समन' या अमेरिकन डॉक्युमेंटरीवर, दारोदार बायबल विकणाऱ्यांवरची ती, मेझल्स बंधूंच्या बरोबरीने डायरेक्टर म्हणून शार्लट झ्वेरिन हे नाव आहे, आणि बाई मुळात एडिटर. ढीगभर फुटेजमधून फिल्म तिने काढली हे त्या भावांनी मान्य केलं आणि क्रेडिट तसं दिलं. आपल्याकडे रीना मोहन, एफटीआयआयमध्ये एडिटिंग शिकलेल्या, त्यांनी कमलाबाई गोखल्यांवर फिल्म केली. १९१३ मध्ये फाळक्यांच्या सिनेमात काम केलेल्या कमलाबाई, विक्रम गोखल्यांच्या आजी. ती फिल्म मिळाली तर बघा, म्हाताऱ्या माणसाला मध्ये न तोडणं म्हणजे काय ते कळेल.

आता पैसे, कारण आया इथपर्यंत स्क्रोल करत आल्या असतील. पगार नाही. कामामागे पैसे, हप्त्यांत, सुरुवातीला थोडे, रफ कटला थोडे, लॉकला थोडे, आणि शेवटचा हप्ता फायनल फाइल दिल्यावर, जो हमखास अडकतो. १० टक्के टीडीएस कापून येतात. स्वतंत्र डॉक्युमेंटरीवर घर चालत नाही, माझंही चालत नाही, घर चालतं सीएसआरवर. २०१४ पासून मोठ्या कंपन्यांना नफ्याच्या २ टक्के समाजकार्यावर खर्च करणं कायद्याने लागतं, आणि खर्च केला की तो दाखवायला फिल्म लागते. शौचालय, शिलाई मशीन, हसणारी मुलं, शेवटी लोगो. वर्षातले बरेच महिने मी हसणारी मुलं कापते. एका कंपनीने (नाव नाही घेत) मला चौथ्या व्हर्जननंतर कळवलं की मुलं पुरेशी हसत नाहीत. पैसे मात्र त्यांनी वेळेवर दिले, आणि 'समाजासाठी करतोय, तुम्ही पण थोडं अ‍ॅडजस्ट करा' म्हणणाऱ्या एका संस्थेने दोन वर्षं झाली अजून दिलेले नाहीत, तेव्हा कोण चांगलं कोण वाईट हे तुम्हीच ठरवा. फाइल वॉटरमार्क टाकूनच पाठवायची. शेवटचा हप्ता आल्यावर वॉटरमार्क काढायचा. हे कोणत्याच क्लासमध्ये शिकवत नाहीत.

नागपूरला राहून जमतं का? जमतं. प्रॉक्सी फाइल (मूळ फुटेजच्या हलक्या कॉप्या) अपलोड होतात, मीटिंग व्हिडिओवर होते, डायरेक्टर कुठे का असेना. नवतपात (उन्हाळ्यातले ते नऊ भाजणारे दिवस) मात्र मशीन गरम होऊन रांगायला लागतं, लाइट गेली की यूपीएस दहा मिनिटं ओरडतं तेवढ्यात सेव्ह करून बंद करायचं, मी तर त्या दिवसांत पहाटे चारला उठून कापते अन् अकराला दुकान बंद. कमी पडतात ती माणसं. मुंबईत बाजूच्या खोलीत कोणीतरी असायचं ज्याला 'जरा ये, हे बघ' म्हणता यायचं. इथे तसं बघणारं कोणी नाही, म्हणून मी कट आमच्या दूधवाल्याला दाखवते, खोटं नाही सांगत, तो कुठे मोबाइल काढतो तिथे माझा कट ढिला असतो.

एआयचं थोडक्यात. हिंदी-इंग्रजीचं ट्रान्सक्रिप्ट आता मशीन बरंच बरं करतं, पूर्वी असिस्टंटचे आठवडे जायचे ते वाचतात. शब्दांवरून कट करून देणारी सॉफ्टवेअरही आली. पण वऱ्हाडी, झाडीबोली आली की ते मशीन असं काही लिहून देतं की वाचून पोट धरून हसावं. आणि त्या तंबूतल्या बाईंच्या सीनमध्ये मशीनने शांतता 'रिकामी जागा' म्हणून काढून टाकायचा सल्ला दिला होता, एवढं पुरे.

सध्या माझ्याकडे धानावर एक मोठं काम आलं आहे, मुलाखतींचा डोंगर आहे, असिस्टंट पाहिजे. पोट्टा असो की पोट्टी. झाडीबोली कळणारं कोणी असेल तर त्याला पहिला नंबर. प्रीमियर येत नसलं तरी चालेल, ते मी शिकवते. हेडफोन स्वतःचे आणायचे, कानात खुपसायचे नाही, कानावर बसणारे. पहिले दोन महिने कापायला मिळणार नाही, नुसतं ऐकून लिहायचं आहे. पैसे फार नाहीत, पण पाच तारखेला देते.